अंगठ्याएवढी सुटका

बेत्साबे तिंतायाला काळजी करायला मुळातच कारण लागत नसे, आणि तुरुंगात आल्यापासून कारणांचा तुटवडाही उरला नव्हता. तीन वर्षांची लुस्मिला अंगणात खेळायला लागली की ही जिन्याच्या तिसऱ्या पायरीवर बसायची आणि डोळ्याचं पातं न लववता पोरीकडे बघत राहायची. अंगणात तरी काय कमी होतं? धुण्याच्या सात टाक्या, उकळत्या सुपाची पातेली, चार कोंबड्या, एक खुनशी मांजर आणि शंभरावर बायका. त्यातली प्रत्येक जण लुस्मिलाच्या तोंडात काहीतरी कोंबायला टपलेली. पोरीने दिवसभरात काय काय खाल्लं याची बेत्साबे मनातल्या मनात एक यादी करायची, आणि त्यातल्या कशाने काय होऊ शकतं याची दुसरी. दुसरी यादी नेहमी लांब असायची.

"पहारेकऱ्यांपेक्षा तूच जास्त पहारा देतेस," डोन्या प्रिमितिवा तिला म्हणायची. "त्यांना निदान पगार तरी मिळतो गं."

प्रिमितिवा म्हणजे कैदी बायकांची निवडून आलेली पुढारी, म्हणून नावाआधी मानाचं 'डोन्या'. वय पंचावन्न, दोन लांब वेण्या, घेरदार झगा आणि त्या घेरात सहज दोन पोरं लपतील एवढी जागा. ती अंगणात शेंगदाण्याचं सूप विकायची, भांडणं मिटवायची आणि फारच शांतता झाली तर एखादं लावूनही द्यायची.

बेत्साबेवरचा खटला अक्षराचा होता. कॉलेज झाल्यावर ती कोर्टाजवळच्या एका झेरॉक्सच्या दुकानात लोकांचे अर्ज भरून द्यायची. अक्षर असं की छापल्यासारखं. एक दिवस कुणा इसमाने कुठल्याशा कचेरीत नोकरीचा खोटा दाखला दिला, तो पकडला गेला, आणि दाखल्यावरचं अक्षर बेत्साबेच्या अक्षरासारखं निघालं. ती म्हणाली, मी लिहिला नाही. पोलीस म्हणाले, मग इतकं चांगलं अक्षर दुसऱ्या कुणाचं आहे? चौदा महिने ती कच्च्या कैदेत होती.

आता शुक्रवारी सुनावणी होती. न्यायाधीशबाईंच्या मनात आलं तर खटला संपेपर्यंत तिला लुस्मिलाला घेऊन आईच्या घरी राहता आलं असतं. त्यासाठी एकच कागद कमी होता, तुरुंगाच्या वरिष्ठांनी द्यायचा वर्तणुकीचा दाखला. "तेवढा आणा," वकील म्हणाले होते. "नाहीतर पुढची तारीख थेट जुलैची." वकील दर वेळी घाईत असायचे आणि बोलताना घड्याळाकडे बघायचे, त्यामुळे जुलै अगदी त्यांच्या मनगटावर येऊन बसल्यासारखा वाटायचा.

आणि सुनावणीच्या आधी दोनच दिवस आली चोवीस जानेवारी, म्हणजे अलासिता.

त्या दिवशी भर दुपारी बाराच्या ठोक्याला अख्खं ला पाझ शहर आपल्याला हवं असलेलं सगळं इवल्याशा आकारात घेतं. काडेपेटीएवढं घर, बोटभर बस, नखाएवढी पदवी. पोट सुटलेल्या, मिशाळ एकेको या भरभराटीच्या देवाच्या पुढ्यात ते ठेवायचं, वर फुलांच्या पाकळ्या आणि दारूचे चार थेंब शिंपडायचे, की वर्षाच्या आत ते खऱ्या आकारात दारात हजर. शेजारणीला हसायला येईल ते मागा, पण एकेकोसमोर तोंड वाकडं करायचं नाही. बाराच्या ठोक्याला जो हसला, त्याचं वर्ष गेलं.

तुरुंगातल्या बायकांना घर नको होतं आणि बसही नको होती. त्यांना हवा होता सुटकेचा हुकूम, अंगठ्याएवढा. दर वर्षी ते कुणीतरी वेडेवाकडे गिरवायचं. या वर्षी प्रिमितिवाने आपलं सुपाचं पातेलं खाली ठेवलं आणि फर्मावलं, "आपल्यात शिकलेली बाई असताना देवापुढे कोंबडीचे पाय कशाला ठेवायचे?"

"मावशी, माझ्यावर खटलाच त्याचा आहे," बेत्साबे म्हणाली.

"खटला मोठ्या कागदाचा आहे. हे तर एवढंसं."

"पण..."

"बरं, राहू दे. नावं दिलेल्या चाळीस जणींना मी सांगते, तिंतायाबाईंना तुम्ही सुटलेल्या नको आहात."

झालं. तीन आठवडे बेत्साबे लिहीत होती. गंमत म्हणून लिहायला सांगितलेली गोष्ट तिला गंमत म्हणून लिहिताच येईना. बाकीच्या म्हणत होत्या, लिही काहीही, 'न्यायमूर्ती ढेरपोटेमहाराज यांच्या आज्ञेने' वगैरे. पण बेत्साबेने आयुष्यात शेकडो अर्ज भरले होते, आणि एका चुकलेल्या तारखेपायी तेच अर्ज परत आलेले पाहिले होते. देवसुद्धा शेवटी कुठल्यातरी खिडकीपलीकडेच बसलेला असणार. त्याने अर्ज परत पाठवला तर? म्हणून तिने प्रत्येकीचं पूर्ण नाव घातलं, खटल्याचा नंबर घातला, कलम घातलं, ओळखपत्राचा नंबर घातला. खोडरबरावर टाचणीने कोरून शिक्का केला. शिक्क्यात ढाल, ढालीत डोंगर, डोंगरावर लामा, म्हणजे उंटाचा लोकरवाला धाकटा भाऊ. लामाचे कान मोजून दोन. प्रिमितिवाने भिंग लावून कान पाहिले आणि म्हणाली, "पोरी, तुझं डोकं ठिकाणावर नाही."

चाळीस झाल्यावर लुस्मिलाने आपली बाहुली पुढे केली. बाहुली म्हणजे राखाडी मोजा, आत चिंध्या. तोंड इतकं सुरकुतलेलं की सगळ्या तिला चुन्यो म्हणायच्या, म्हणजे थंडीत वाळवलेला काळा बटाटा. "हिचं पण," लुस्मिला म्हणाली, आणि ओठ काढला. तेव्हा एक्केचाळिसावा हुकूम झाला. चुन्यो तिंताया, राहणार आईजवळ.

बुधवारी बाराला पाच कमी असताना अंगण भरलं. प्लास्टरचा एकेको उलट्या बादलीवर उभा होता. प्रिमितिवाने त्याच्या तोंडात सिगारेट दिली होती आणि धूर येत नाही म्हणून ती त्याला बोलत होती. "ओढ की रे. बाहेर फुकटची ओढतोस, इथे लाजतोस." हुकूम एका ताटलीत ठेवले होते. फाटकावरच्या सार्जंट एउलालियाबाई सुद्धा टोपी काढून आल्या होत्या. त्या एल आल्तोच्या, वरच्या पठारावरच्या. त्यांनी स्वतःच्या खिशात एक बोटभर ट्रक लपवून आणला होता आणि तो हळूच ताटलीजवळ सरकवला.

आणि नेमके तेव्हाच तुरुंगाचे वरिष्ठ, मेजर हुस्तिनियानो, जिन्यावरून खाली आले.

मेजरसाहेब तीन आठवड्यांपूर्वीच बदलून आलेले, खालच्या उष्ण, सपाट प्रदेशातले. तिथे अलासिता नव्हती, पण हवा होती. इथल्या उंचीवरच्या विरळ हवेत चार पायऱ्या उतरल्या की ते कठडा धरून उभे राहत आणि कुणीतरी आपला श्वास चोरला असावा तसे आजूबाजूला बघत. त्यांची बदली कशाने झाली हे सगळ्या तुरुंगाला ठाऊक होतं. तिथल्या तुरुंगातून दोन कैदी सुटकेचे खोटे हुकूम दाखवून, मेजरसाहेबांशी हात मिळवून, वर 'येतो साहेब' म्हणून निघून गेले होते. दुधाने तोंड पोळलेला माणूस ताक फुंकून पितो. मेजरसाहेब पाणीसुद्धा फुंकत.

त्यांनी ताटलीतला एक कागद उचलला, डोळ्यांजवळ नेला, लांब धरला, मग भिंग मागितलं. प्रिमितिवाने दिलं. नंतर ती महिनाभर स्वतःला यासाठी शिव्या देत होती.

"हे कुणी केलं?"

सगळ्या जणी एकदम कोंबड्यांकडे बघायला लागल्या.

"खटल्याचा नंबर खरा आहे. कलम खरं आहे." मेजरसाहेबांचा आवाज पातळ झाला. "शिक्का... या लामाला कान आहेत. आमच्या कचेरीतल्या शिक्क्यावर कान झिजून गेलेत."

बेत्साबेने आधी लुस्मिला कुठे आहे ते पाहिलं. ती टाकीजवळ होती, टाकीपासून दोन हात, ठीक. मग ती म्हणाली, "मी केलंय, साहेब."

"नाव?"

"बेत्साबे तिंताया."

"तिंताया. तू तर दाखल्याच्या खटल्यातलीच. आणि माझ्या टेबलावर तुझाच अर्ज आहे ना, वर्तणुकीच्या दाखल्याचा?"

"हो, साहेब."

"तुरुंगात बसून न्यायालयाचे ताटलीभर हुकूम तयार करते आणि वर्तणुकीचा दाखला मागते. आता माझा अहवाल जाईल वर. दाखला विसर."

जुलै आला, म्हणजे इथला ऐन हिवाळा. बेत्साबेला तो समोर दिसला, लुस्मिलाच्या कोरड्या खोकल्यासकट, गोठलेल्या टाक्यांसकट.

प्रिमितिवाने कंबरेवर हात ठेवले. "साहेब, ही अलासिता आहे. खेळणं आहे ते. मुंगीलासुद्धा यावर सुटता यायचं नाही."

"असं सगळे म्हणतात. तिथेही म्हणाले होते, साधा कागद आहे."

"साहेब, तो कागद केवढा होता?"

"फुलस्केप."

"आणि हा?"

"गुन्हा मापाने मोजत नाहीत, बाई."

"मग माझ्या नवऱ्याने मला दिलेली अंगठी सोन्याची धरा. तीही एवढीशीच होती, आणि खोटी होती."

कुणीतरी फिस्सकन हसलं आणि लगेच तोंडावर हात दाबला, कारण बाराला तीनच मिनिटं उरली होती.

मेजरसाहेबांनी ताटलीतून आणखी एक हुकूम काढला आणि भिंगातून वाचला. "चुन्यो तिंताया. ही कोणत्या खोलीतली?"

बायकांनी एकमेकींना कोपरं मारली.

"पटावर हे नाव नाही. टोपणनाव आहे? टोळीचं आहे? हजर करा."

"साहेब," बेत्साबे म्हणाली, "ती माझ्या मुलीच्या काखेत आहे."

मेजरसाहेबांनी लुस्मिलाकडे पाहिलं. लुस्मिलाने चुन्यो त्यांना दाखवली आणि मागे घेतली, साहेब बाहुली खाऊन टाकतील असं तिला वाटलं असावं. मेजरसाहेब जरा गडबडले. पण तोंडातून शब्द गेले होते, आणि शंभर बायका बघत होत्या.

"ठीक आहे," ते म्हणाले. "खेळणं आहे ना? मग हा हुकूम फाटकावर दाखवा. सार्जंटने फेकून दिला, तर खेळणं. पण तिने फाटक उघडलं, तर तो खोटा कागद ठरला, आणि मी अहवाल लिहिणार. चला."

सगळा तांडा फाटकाकडे निघाला. सार्जंट एउलालिया धावत पुढे गेल्या, टोपी घातली, जागेवर उभ्या राहिल्या. बेत्साबेने त्यांच्याकडे डोळ्यांनी विनवणी केली, बाई, फेकून द्या, पायाखाली तुडवा, काहीही करा. पण सार्जंटबाईंच्या कपाळावर घाम आला होता आणि तो बघून बेत्साबेला सगळं कळलं. बाहेरच्या चर्चची घंटा वाजायला लागली होती. बारा. बाराच्या ठोक्याला अलासिताचा कागद फेकायचा? ताटलीत त्यांचा ट्रक होता. त्यांच्या भावाने खऱ्या ट्रकसाठी पाच वर्षं वाट पाहिली होती.

सार्जंटबाईंनी कागद दोन्ही हातांनी घेतला. वाचला. नंतर खाडकन सलाम ठोकला.

"हुकूम बरोबर आहे, साहेब."

मेजरसाहेबांनी विजयी मुद्रेने बेत्साबेकडे पाहिलं.

सार्जंटबाई वळल्या. फाटकात डबे आणि पुड्या घ्यायला एक हातभर खिडकी होती. त्यांनी तिची कडी काढली, दार उघडलं आणि लुस्मिलाला म्हणाल्या, "कैदी पुढे आणा. अंगठ्याएवढ्या हुकमावर एवढंच दार उघडतं."

लुस्मिलाने जन्मात पहिल्यांदा कुणाचं तरी ऐकलं. तिने चुन्योला त्या खिडकीतून बाहेर ढकललं. बाहेर संत्री विकणारी म्हातारी बसली होती. चुन्यो तिच्या संत्र्यांच्या ढिगावर डोक्यावर पडली. सार्जंटबाईंनी खिडकी लावली, वहीत नोंद केली आणि म्हणाल्या, "एक सुटली."

अर्धं मिनिट सगळं छान होतं. मग लुस्मिलाला कळलं की चुन्यो बाहेर आहे आणि आपण आत.

लुस्मिलाचं रडणं तुरुंगात प्रसिद्ध होतं. सुरुवातीला आवाजच यायचा नाही; तोंड नुसतं उघडं, चेहरा बीटासारखा. त्या शांततेत बेत्साबे नेहमी मोजायची, एक, दोन, तीन, श्वास घे गं, चार. आणि पाचाला भोंगा वाजायचा. मांजर छपरावर गेलं. मेजरसाहेबांनी दोन्ही हातांनी कानशिलं दाबली. या उंचीवर त्यांचं डोकं सकाळपासून तसंही ठणकत होतं.

"ती बाहुली आत घ्या," ते ओरडले.

"घेता येत नाही, साहेब," सार्जंटबाई म्हणाल्या.

"का?"

"रीतसर सुटली आहे. सुटलेल्याला पुन्हा आत घ्यायचं तर अटकेचं वॉरंट लागतं. तुमचाच नियम, परवाच भिंतीवर लावलात."

भिंतीवर खरंच होता. मेजरसाहेबांनी तो वाचला, आपली सही ओळखली. भोंगा एक पट्टी वर चढला.

"ए बाई," त्यांनी खिडकी उघडून संत्रीवालीला हाक मारली, "ते इकडे दे."

"तुम्ही कोण?" म्हातारी म्हणाली. "बिचारी आत्ताच सुटलीय. दोन संत्री खाऊ दे तिला."

"मी या तुरुंगाचा मेजर आहे."

"मग कागद दाखवा."

मेजरसाहेब भिंतीला टेकले. बेत्साबेने लुस्मिलाला कडेवर घेतलं होतं, तिची पाठ थोपटत होती आणि त्याच वेळी साहेबांच्या ओठांकडे बघत होती. ओठ निळसर होत होते. सवयीने ती म्हणाली, "साहेब, खाली बसा. नाकाने श्वास घ्या. चघळायला कोकाची पानं आणू का? दम लागत नाही."

"काही नको," प्रिमितिवाने अंगणातून ओढून आणलेल्या बादलीवर बसत ते म्हणाले. एकेको आधीच उचलून नेला होता, नाहीतर त्याच्यावर बसले असते. "वॉरंट लिही."

"काय?"

"वॉरंट. त्या बाहुलीचं. लवकर. तुझ्याकडे कागद आहे ना तसला?"

बेत्साबेच्या झग्याच्या खिशात तसल्या कापलेल्या कागदांचा गठ्ठा होता. ती भिंतीला कागद टेकून लिहायला लागली. पोर प्रिमितिवाच्या झग्यात गेली. तिथून भोंगा जरा दबका यायला लागला.

"नाव चुन्यो तिंताया," ती म्हणाली. "गुन्हा काय लिहू, साहेब?"

"पळून जाणे."

"पळाली नाही, साहेब. सोडली."

"मग... रस्त्यावर पडून राहणे."

"ती संत्र्यांवर पडलीय."

"दुसऱ्याच्या मालावर विनापरवाना पडून राहणे," मेजरसाहेब म्हणाले. "लिही. आणि शिक्का मार. तो कानवाला."

तिने मारला. त्यांनी तिचं पेन घेतलं, भिंग लावलं, जीभ दातांत धरली आणि अंगठ्याएवढ्या कागदावर आपली सही केली. तीन प्रयत्न लागले. सार्जंटबाईंनी ते वॉरंट खिडकीतून संत्रीवालीला दाखवलं. म्हातारीने ते उलटसुलट पाहिलं. तिला वाचता येत नव्हतं, पण शिक्का पाहून ती म्हणाली, "अटक तर अटक," आणि चुन्यो आत आली. येताना एक संत्रं घेऊन आली.

रडणं थांबलं. त्या शांततेत प्रिमितिवाचा आवाज फार गोड निघाला.

"साहेब, आता अहवालात काय लिहायचं? एक्केचाळीस खोट्या हुकमांवर कुणाचीच सही नाही. बेचाळिसाव्यावर तुमची आहे."

मेजरसाहेब वर बघत राहिले. हिशोब त्यांच्या डोक्यात सावकाश लागत होता. हवा कमी होती. मग त्यांनी हात पुढे केला. "ते वॉरंट इकडे दे."

"ते नोंदीला गेलं, साहेब," सार्जंटबाई म्हणाल्या.

मेजरसाहेब उठले, पुन्हा बसले आणि बेत्साबेला म्हणाले, "तुला दाखला कधीपर्यंत हवा होता?"

"आज चारला वकील येतात."

"कारकून अलासिताच्या जत्रेला गेलाय. सोमवारी येईल." त्यांनी उसासा टाकला. तेवढ्यानेही त्यांना धाप लागली. "माझं अक्षर मलाच वाचता येत नाही. तूच लिही. मी सही करतो."

"मी? माझाच दाखला? साहेब, माझ्यावर खटला..."

"माहीत आहे कसला खटला आहे. तुला हवाय की नको?"

कचेरीतून फुलस्केप आला. बेत्साबे जिन्याच्या तिसऱ्या पायरीवर मांडीवर फळी घेऊन बसली आणि पाऊण तास तिचं पेन एका जागी अडलं. 'सदर कैद्याची वर्तणूक', इथपर्यंत सरळ गेलं. पुढे काय?

"उत्कृष्ट," प्रिमितिवा म्हणाली.

"आदर्श," टाकीवरून दुसरी ओरडली.

"लिही, साक्षात देवमाणूस."

"लिही की ती असल्यापासून उंदीर कमी झाले."

बेत्साबेला आठवत होतं. ऑगस्टमध्ये लुस्मिलाला मिरचीची चटणी चाटवली म्हणून तिने एका म्हातारीचा वरवंटा गटारात टाकला होता. हजेरीच्या वेळी दोनदा झोपून राहिली होती. मांजराला तर रोजच लाथ. आणि खोटं तिने आजवर लिहिलं नव्हतं, हेच तर ती चौदा महिने सगळ्यांना सांगत होती. आता पेन हातात आहे म्हणून लिहायचं? पण कमी लिहावं, तर जुलै. तिने लुस्मिलाकडे पाहिलं. पोर चुन्योला आणि स्वतःला आळीपाळीने संत्र्याची साल भरवत होती. साल, बीसकट. बेत्साबे धावत गेली, बोट घालून बी काढली, परत आली, आणि त्या धावपळीत दोनच शब्द लिहून मोकळी झाली.

'बरी आहे.'

"बरी?" प्रिमितिवाने कपाळाला हात लावला. "अगं, बरी तर माझी गुडघेदुखी आहे."

आणखी एक घोटाळा झाला होता. तीन आठवडे मुंगीएवढं लिहून हाताला तेच वळण पडलं होतं, त्यामुळे अख्खा दाखला फुलस्केपच्या वरच्या कोपऱ्यात, पोस्टाच्या तिकिटाएवढ्या जागेत मावला होता. मेजरसाहेबांनी भिंग घेतलं, अर्धा वाचला आणि उरलेल्या भल्यामोठ्या पानावर, आयुष्यात प्रथमच इतकी जागा मिळाल्यासारखी, इकडून तिकडे सही ठोकली. वकिलांनी चारला तो कागद घड्याळाकडे बघत पिशवीत टाकला. वाचला नाही, हे नशीब.

शुक्रवारी कोर्टात न्यायाधीशबाईंनी मात्र वाचला. आधी त्यांना फक्त सही दिसली. मग त्यांनी चष्मा बदलला, कागद नाकाला लावला आणि विचारलं, "हे कुणी लिहिलंय?"

वकिलांनी पहिल्यांदाच घड्याळाकडे न बघता बेत्साबेकडे पाहिलं. खोटं बोलायला एक क्षण होता. बाकावर आजीच्या मांडीवर लुस्मिला बसली होती आणि तिच्या टोपीची नाडी सुटली होती.

"मी लिहिलं, बाई," बेत्साबे म्हणाली. "कारकून सुट्टीवर होता. सही साहेबांची आहे."

वकिलांनी डोळे मिटले.

न्यायाधीशबाईंनी फाइलमधून खटल्याचा मूळ कागद काढला, तो नोकरीचा खोटा दाखला. दोन्ही शेजारी ठेवले आणि मूळ कागद मोठ्याने वाचायला लागल्या. "अत्यंत विश्वासू, अत्यंत मेहनती, अत्यंत वक्तशीर, अत्यंत नम्र." त्यांनी मान वर केली. "परक्या माणसासाठी चार वेळा अत्यंत. आणि स्वतःचा दाखला स्वतः लिहायला मिळाला, घरी जायचा प्रश्न, तर ही बाई लिहिते, बरी आहे."

कोर्टातला लिपिक खोकला.

"का?" त्यांनी विचारलं.

"ऑगस्टमध्ये मी एकीचा वरवंटा गटारात टाकला होता," बेत्साबे म्हणाली.

न्यायाधीशबाई तिच्याकडे बघत राहिल्या. घरी लहान मूल असलेल्या बाईला दुसऱ्या तशाच बाईकडे बघताना जे दिसतं, ते त्यांना दिसलं असेल किंवा नसेलही. त्यांनी पेन उचललं. "खोटे दाखले लिहिणारी माणसं मी पुष्कळ पाहिली. इतका गचाळ माल त्यांच्यातला कुणी काढत नाही. खटला चालेल तो चालेल. तोवर आईच्या घरी राहायचं, दर सोमवारी येऊन सही करायची."

हुकूम शनिवारी सकाळी तुरुंगात आला, चांगला फुलस्केप. सार्जंट एउलालियांनी तो दोनदा वाचला आणि या वेळी मोठं फाटक उघडलं. बायका अंगणात जमल्या होत्या. प्रिमितिवाने सुपाचा डबा बांधून दिला होता आणि आता ती कुणाला दिसू नये म्हणून पातेल्यात बघून नाक पुसत होती. मेजरसाहेब वरच्या कठड्याला धरून उभे होते. तेवढ्यासाठी खाली यायचं म्हणजे पुन्हा वर चढणं आलं.

बेत्साबे उंबऱ्यावर थांबली. लुस्मिलाची टोपी, नाडी. मफलर. डब्याचं झाकण घट्ट आहे ना. पोरीने सकाळी खाल्लं ते पोटात राहील का. समोरचा रस्ता उताराचा, त्यावरून मिनिबस भरधाव खाली येत होत्या, आणि चौदा महिने आत काढलेल्या पोरीला रस्ता ओलांडायचा कसा हेच माहीत नव्हतं.

"बाई, आत येताय की बाहेर जाताय?" सार्जंट एउलालिया म्हणाल्या. "थंडी आत येतेय."

बेत्साबेने लुस्मिलाचा हात मनगटाशी घट्ट धरला. उजवीकडे पाहिलं, डावीकडे पाहिलं. मिनिबस निघून गेल्यावर पुन्हा एकदा उजवीकडे पाहिलं. मग दोघी निघाल्या.